जळगांवची तालीम, थाळनेरचें आजोळ

खानदेशाचें नांव निघालें म्हणजे कापूस, केळीं, भुसावळचें जंक्शन आणि उन्हाळ्यांतील तलखी, यांपलीकडे पुण्यामुंबईच्या सुशिक्षित माणसाचें लक्ष सहसा जात नाहीं. गाण्याचा विषय निघाला तर तो मिरज, सांगली, कोल्हापूर, गोवें, फार तर बडोदें, अशीं नांवें घेईल. जळगांव आणि धुळें हीं नांवें त्याच्या तोंडीं यावयाचीं नाहींत. यांत त्याचा फारसा दोषहि नाहीं. गायकीचें घराणें म्हणून खानदेशाची ओळख कधीं झाली नाहीं. परंतु मराठी रंगभूमीवर ज्या दोन गायकनटांनीं निरनिराळ्या प्रांतांचें, जातींचें आणि धर्मांचें संगीत एकत्र आणून तें मराठी माणसाच्या घरोघर पोंचविलें, त्या दोघांचेंहि खानदेशाशीं नातें जडलें होतें. एकाचें शिष्य म्हणून, दुसऱ्याचें जांवई म्हणून. हे दोघे म्हणजे बालगंधर्व आणि मास्टर दीनानाथ.

हा प्रांत मूळचाच रहदारीचा. उत्तरेस सातपुडा, दक्षिणेस अजिंठ्याचे डोंगर आणि मधून पश्चिमेकडे वाहणारी तापी. गुजराथेंतून वऱ्हाडांत किंवा दक्षिणेंतून माळव्यांत जावयाचें तर ही वाट टळत नसे. फारुकी घराण्याचा मूळ पुरुष मलिक राजा यानें चौदाव्या शतकाच्या अखेरीस तापीकांठच्या थाळनेरास आपलें ठाणें केलें. त्याच्या मुलानें बऱ्हाणपूर वसविलें. आणि १६०१ सालीं अकबरानें असीरगड घेतला तेव्हां तें राज्य संपलें. राज्यें गेलीं, पण त्यांच्या मागोमाग आलेलीं माणसें राहिलीं. म्हणून खानदेशच्या बाजारांत अहिराणी, गुजराथी, मारवाडी आणि हिंदुस्थानी या भाषा एकाच दुकानाच्या पायरीवर ऐकूं येत, आणि अहिराणीच्या बोलण्यांत गुजराथीचें वळण जागोजाग सांपडे. श्रावणांत कानबाईचीं गाणीं, वह्यांचे फड, तमाशाची लावणी, मोहरमाचे ताशे. हें सर्व एकाच गांवाच्या कानांवर पडत असे आणि कोणाला त्याचें नवल वाटत नसे.

एकोणिसाव्या शतकांत या रहदारीला लोखंडी रूळ मिळाले. १८६१ ते १८६५ या काळांत अमेरिकेंत यादवी युद्ध पेटल्यामुळें लँकेशायरच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेना. तेव्हां इकडच्या कापसाला एकाएकीं भाव आला, आणि त्याच दशकांत जी. आय. पी. रेल्वे जळगांव-भुसावळपर्यंत येऊन पोंचली. पुढें चाळीसगांवाहून धुळ्यास फांटा गेला आणि सुरतेहून तापीच्या खोऱ्यांतून दुसरी वाट आली. १९०६ सालीं जिल्ह्याचे पूर्व व पश्चिम खानदेश असे दोन भाग झाले तेव्हां जळगांव व धुळें हीं दोन्ही चांगलीं नांदतीं गांवें होतीं. वकील, अडते, गिरणीवाले, रेल्वेंतले कारकून अशी वस्ती तेथें होती.

नाटक मंडळीला नेमकें असेंच गांव लागे. मंडळी म्हणजे एक फिरतें गांवच. पडदे, कपड्यांच्या पेट्या, आचारी, न्हावी, साथीदार, मालक, नट, त्यांचीं बायकापोरें, आणि महिना-दीड महिन्याचा मुक्काम. जेथें आगगाडी थांबते आणि हंगामांत लोकांच्या हातांत रोख पैसा असतो तेथेंच हा खटाटोप परवडे.

नारायण श्रीपाद राजहंस हा मुलगा जळगांवास आला तो मात्र नाटकाच्या निमित्तानें नव्हे. त्याचा जन्म १८८८ चा. आवाज लहानपणापासूनच असामान्य गोड. तेव्हां घरच्यांनीं त्याला गाणें शिकण्यासाठीं जळगांवास ठेवलें, आणि तेथें मेहबूबखाँ नांवाच्या उस्तादांपाशीं त्याची पहिली पद्धतशीर तालीम झाली. पुढें पुण्यास लोकमान्य टिळकांनीं या मुलाचें गाणें ऐकून ‘बालगंधर्व’ असें म्हटलें, ही गोष्ट शाळकरी पोरालाहि ठाऊक आहे. ज्या उस्तादांनीं तो गळा आधीं घडवावयास घेतला त्यांचें नांव मात्र चरित्रग्रंथांतून एखाद्या ओळीपुरतेंच येतें. ज्यानें पाया घातला त्याच्या वांट्यास एक ओळ आणि ज्यानें नांव ठेवलें त्याच्या वांट्यास सबंध आख्यायिका, हा हिशेब कांहीं बरोबर नाहीं.

ब्राह्मणाच्या मुलानें मुसलमान उस्तादापुढें बसून सूर लावावा यांत त्या काळीं वावगें मानीत नसत. भास्करबुवा बखले यांनीं फैज महंमदखाँ, नत्थनखाँ आणि अल्लादियाखाँ अशा तीन थोर मुसलमान गवयांची विद्या संपादन केली होती. रामकृष्णबुवा वझे घर सोडून ग्वाल्हेरीस निसार हुसेनखाँ यांच्याकडे गेले होते. त्याच घरांत पाण्याच्या घागरीला शिवाशीव असे, पंक्तीला सोंवळें असे. विद्येला मात्र विटाळ नव्हता. बालगंधर्वांच्या पुढच्या सगळ्या आयुष्याकडे पाहिलें म्हणजे जळगांवच्या त्या बैठकीची आठवण होते, कारण त्यांच्या गाण्यांत जें जें भरलें तें याच वाटेनें, परक्या दारांतून, आलें.

मराठी संगीत नाटक हेंच मुळीं मिश्रणांतून जन्मलें. अण्णासाहेब किर्लोस्करांनीं पुण्यास एका पारशी मंडळीचा उर्दू ‘इंद्रसभे’चा खेळ पाहिला आणि १८८० सालीं ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आणलें. स्वतः अण्णासाहेब कर्नाटकाच्या सीमेवरचे. त्यांच्या पदांत कानडी चाली आल्या, कीर्तनांतल्या साक्या-दिंड्या आल्या, लावणीचा ठेका आला. १९०५ सालीं बालगंधर्व किर्लोस्कर मंडळींत दाखल झाले तेव्हां त्यांना हा वारसा आयताच मिळाला. पण तो वारसा जसाच्या तसा चालवीत बसले असते तर ते एक गोड गळ्याचे नट होऊन राहिले असते.

बदल झाला तो १९११ च्या मार्चांत. १२ मार्चला मुंबईस खाडिलकरांच्या ‘मानापमान’ नाटकाचा पहिला प्रयोग झाला. त्याच दिवशीं बालगंधर्वांची लहान मुलगी वारली, आणि तरीहि त्यांनीं भामिनीची भूमिका केली. ती कथा सर्वश्रुत आहे आणि ती सांगतां सांगतां नाटकांतल्या चालींची गोष्ट मागें पडते. त्या चाली गोविंदराव टेंबे यांनीं दिल्या होत्या. टेंबे कोल्हापूरचे, हार्मोनियमवर त्यांचा हात असा कीं मोठमोठे गवई आपली साथ त्यांनींच करावी असें म्हणत. नाटककारानें किंवा नटानें ऐकलेल्या चालीवर पद बसवावें ही जुनी रीत सोडून, नाटकाला संगीत देणारा एक स्वतंत्र माणूस असावा ही प्रथा ‘मानापमाना’पासून रूढ झाली असें म्हणावयास हरकत नाहीं. टेंब्यांनीं ठुमरी-दादऱ्याच्या वळणाच्या चाली आणल्या. ज्या गाण्यांचें घर काशी-लखनौच्या मैफलींत आणि कलावंतिणींच्या बैठकींत होतें, तीं गाणीं खाडिलकरांच्या मराठी शब्दांचा पदर घेऊन कुलीन नायिकेच्या तोंडीं आलीं.

१९१३ सालीं बालगंधर्व, टेंबे आणि गणपतराव बोडस यांनीं किर्लोस्कर मंडळी सोडून गंधर्व नाटक मंडळी काढली. टेंबे तेथें फार काळ टिकले नाहींत. मग भास्करबुवा बखले आले, आणि १९१६ च्या डिसेंबरांत ‘स्वयंवर’ नाटक आलें. येथें वळण पुन्हां बदललें. यमन, भीमपलास, बिहाग असे भारदस्त राग, आणि त्यांतल्या ख्यालांचीं मराठी पदें. ज्यानें आयुष्यांत कधीं मैफल ऐकली नव्हती अशा श्रोत्याला रुक्मिणीच्या तोंडून यमन ऐकावयास मिळाला आणि तो यमन आहे हें ठाऊक नसतांना तो घरीं जातां जातां गुणगुणूं लागला. मैफलीची विद्या नाटकाच्या तिकिटावर वांटली गेली. कांहीं जुन्या गवयांना हें आवडलें नाहीं. तीन मिनिटांच्या पदांत राग मावतो काय, असा त्यांचा आक्षेप. आक्षेप खोटा नव्हता. पण ‘स्वयंवर’ पाहून आलेल्या पिढींतूनच पुढें मैफलींचे श्रोते तयार झाले, हेंहि तितकेंच खरें.

तिसरी गोष्ट ‘एकच प्याला’ नाटकाची. गडकरी २३ जानेवारी १९१९ रोजीं वारले आणि त्यांचें हें नाटक पुढच्याच महिन्यांत, २० फेब्रुवारीला, बडोद्यास झालें. पदें विठ्ठल सीताराम गुर्जरांनीं लिहिलीं. चाली मिळाल्या त्या सुंदराबाई जाधव यांच्याकडून. सुंदराबाई पुण्याच्या, लावणी, ठुमरी, दादरा, गझल या सर्वांवर त्यांचा सारखाच अधिकार होता. बालगंधर्वांनीं त्यांच्यापाशीं बसून चाली घेतल्या आणि त्या सिंधूच्या तोंडीं घातल्या. सिंधू म्हणजे दारुड्या नवऱ्याला देव मानणारी, दळण दळून पोर जगविणारी सती. तिचें दुःख ज्या स्वरांतून उभें राहिलें ते स्वर बैठकींत गाणाऱ्या बाईचे होते. ज्या गृहिणींनीं सिंधूसाठीं डोळे पुसले त्यांच्यापैकीं कितींनीं सुंदराबाईंना आपल्या माजघरांत बसवून घेतलें असतें? चाल माजघरांत शिरली, चाल देणारी ओसरीच्याहि बाहेर राहिली. सुंदराबाईंच्या वांट्यास पुढें ध्वनिमुद्रिकांमुळें आणि नभोवाणीमुळें थोडा मान आला, आणि १९३९ सालच्या ‘माणूस’ बोलपटांत नायकाच्या आईचें काम करून त्यांनीं प्रेक्षकांना चकित केलें. तो त्यांचा स्वतःचा पराक्रम.

मंडळीच्या साथीदारांकडे पाहिलें तरी हाच प्रकार दिसतो. तबल्यावर अहमदजान थिरकवा. हे मुरादाबादकडचे, मुनीरखाँचे शागीर्द. पुढें रामपूर दरबारीं गेलेले आणि १९७० सालीं पद्मभूषण झालेले हे उस्ताद ऐन उमेदींतलीं वर्षें मराठी नाटकाच्या पदांना ठेका देत होते. सारंगीवर कादरबक्ष. आणि जोडीला ऑर्गन, म्हणजे पायानें भाता चालवावयाचें विलायती वाद्य, जें ख्रिस्ती प्रार्थनामंदिरांत वाजे. एका बाजूस सारंगीचा मिंडेचा सूर आणि दुसऱ्या बाजूस ऑर्गनचा भरीव, न हलणारा सूर. या दोन भिन्न स्वभावांच्या सुरांमधून बालगंधर्वांचा गळा आपली वाट काढी. आकाशवाणीनें १९४० च्या मार्चपासून हार्मोनियमला बंदी केली ती याच कारणासाठीं, कीं पट्टीच्या वाद्यांत श्रुती येत नाहींत. युक्तिवाद शास्त्राला धरून होता. परंतु ज्या गायकाच्या श्रुतींची सर्वांत अधिक वाखाणणी झाली तो आयुष्यभर ऑर्गनजवळ उभा राहून गायला.

त्या काळच्या नाटक मंडळ्या एकमेकींच्या हाडवैरी. तरीहि १९२१ च्या ८ जुलैला मुंबईच्या बालीवाला थिएटरांत गंधर्व मंडळी आणि केशवराव भोसल्यांची ललितकलादर्श यांनीं मिळून ‘मानापमान’ केलें. टिळक स्वराज्य फंडासाठीं. भामिनी बालगंधर्व, धैर्यधर केशवराव. एकाचें गाणें लाडिक आणि वळणावळणाचें, दुसऱ्याचें तडफदार आणि उंच पट्टीचें. प्रतिस्पर्ध्यांनीं एका रात्रीसाठीं एकत्र यावें आणि त्याचा सोहळा व्हावा, ही कल्पना अलीकडच्या संगीतधंद्याची आहे असें समजण्याचें कारण नाहीं. त्या प्रयोगानंतर तीन महिन्यांच्या आंतच, ४ ऑक्टोबरला, केशवराव वारले.

आतां थाळनेराकडे वळूं. फारुकींचें हें जुनें ठाणें पश्चिम खानदेशांत, शिरपूर तालुक्यांत, तापीच्या कांठीं. १८१८ सालीं इंग्रजांनीं किल्ला घेतला तेव्हां तेथें मोठी कत्तल झाली आणि किल्लेदारास फांशीं दिलें. तेव्हांपासून तें गांव इतिहासांतून जवळजवळ नाहींसें झालें. तेथें शेठ हरिदास लाड हे गुजराथी व्यापारी आणि जमीनदार राहात. त्यांची मुलगी नर्मदा दीनानाथ मंगेशकरांस दिली होती. ती लौकरच वारली, आणि मग १९२७ सालीं तिचीच बहीण शेवंती दीनानाथांच्या घरीं आली. मंगेशीच्या देवळाच्या सावलींत वाढलेला कोंकणी मातृभाषेचा मराठी नट, आणि तापीकांठच्या गुजराथी शेटजींची मुलगी. असा हा संसार.

दीनानाथांचा जन्म १९०० च्या २९ डिसेंबरचा. मंगेशी हें गांव तेव्हां पोर्तुगीज अमलाखालीं होतें. कानांवर पहिले संस्कार देवळांतल्या गाण्याबजावण्याचे. मग बाबा माशेलकरांची तालीम, मग किर्लोस्कर मंडळी, आणि १९१८ सालीं चिंतामणराव कोल्हटकर व कृष्णराव कोल्हापुरे यांच्यासह स्वतःची बळवंत संगीत मंडळी. गडकऱ्यांच्या ‘भावबंधना’ंत ते लतिका झाले. पण स्त्रीभूमिकेंत त्यांचें मन फार रमलें नाहीं. बालगंधर्वांचा ठसा त्या क्षेत्रावर इतका खोल होता कीं तेथें दुसऱ्यानें उभें राहणें कठीण. दीनानाथांनीं आपली वाट वेगळी काढली. टप्प्याच्या अंगाची चपल तान, पंजाबी ढंगाच्या हरकती, अकस्मात् वरच्या सप्तकांत झेप. टप्पा हें मुळांत पंजाबच्या उंटवाल्यांचें गाणें, आणि त्याला मैफलीचें रूप शोरी मियाँनीं दिलें, असें सांगतात. तें वाळवंटांतलें गाणें दीनानाथांनीं मराठी वीरनायकाच्या तोंडीं घातलें. ‘मानापमाना’ंतील धैर्यधराचीं पदें त्यांनीं नव्या चालींवर म्हटलीं, आणि टेंब्यांच्या मूळ चालींची सवय असलेल्या प्रेक्षकांनीं तीं उचलून धरलीं.

त्यांच्या पाठीशीं रामकृष्णबुवा वझे होते. वामनराव जोशांच्या ‘रणदुंदुभि’ (१९२७) आणि सावरकरांच्या ‘संन्यस्त खड्ग’ (१९३१) या नाटकांच्या चाली बुवांच्या. सावंतवाडीकडचा एक मुलगा ग्वाल्हेरीस पायपीट करून जी विद्या आणतो, ती विद्या चाळीसेक वर्षांनीं सावरकरांच्या शब्दांना चाल म्हणून मिळते. नेम धरून असें कांहीं घडवितां येत नाहीं.

बोलपट आले आणि या सर्व मंडळ्यांचें कंबरडें मोडलें. टेंब्यांनीं काळाचें पाऊल आधीं ओळखलें. १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’ या प्रभातच्या बोलपटास संगीत त्यांचें, आणि नायकाची भूमिकाहि त्यांचीच. दीनानाथांनीं सांगलीस बळवंत पिक्चर्स काढून १९३४ सालीं ‘कृष्णार्जुन युद्ध’ केलें. त्यांत हात पोळले. बालगंधर्व १९३५ सालीं प्रभातच्या ‘धर्मात्मा’ बोलपटांत एकनाथ झाले, पण पडद्यावरच्या गंधर्वांत लोकांना आपले गंधर्व दिसले नाहींत. १९३८ सालीं त्यांच्या मंडळींत गोहरबाई कर्नाटकी आल्या. विजापूरकडच्या या गायिकेनें गंधर्वांची गायकी ध्वनिमुद्रिकांवरून ऐकून आत्मसात केली होती, ती इतकी कीं डोळे मिटून ऐकणाराची फसगत व्हावी. त्या मंडळींत स्त्रीभूमिका करूं लागल्या, गंधर्वांच्या आयुष्यांतहि आल्या, आणि महाराष्ट्रांत मोठें काहूर उठलें. ज्यांना मेहबूबखाँची तालीम चालली होती, थिरकव्यांचा तबला चालला होता, सुंदराबाईंच्या चाली चालल्या होत्या, त्यांना गोहरबाई चालल्या नाहींत. संगीताला मुभा होती ती माणसाला नव्हती. या प्रकरणांत मंडळीचें जें आर्थिक नुकसान झालें त्याचा सगळा दोष गोहरबाईंवर टाकण्याची चाल पडली; कर्जाचे डोंगर मात्र त्या येण्याच्या कितीतरी आधींचे होते.

दीनानाथ २४ एप्रिल १९४२ रोजीं पुण्यास वारले. वय अवघें एक्केचाळीस. मागें पांच मुलें, थोरली लता तेरा वर्षांचीहि झालेली नव्हती. तिचें नांव आधीं हेमा; तें बदलून लता झालें यालाहि ‘भावबंधना’ंतली ती लतिकाच कारण. या मुलीच्या कानांत दोन प्रकारचें गाणें होतें. एक वडिलांचें, रागदारीचें. दुसरें थाळनेरच्या आजीचें. आजोळीं तिनें गुजराथी लोकगीतें ऐकलीं, पावागडचे गरबे शिकले. एकाच गळ्यांत मंगेशीचें देऊळ आणि तापीकांठचा गरबा. पुढें तिच्या गाण्यांत जो सोपेपणा आला, शब्द हलकेच ठेवून पुढें जाण्याची जी रीत आली, तिचें श्रेय सर्वजण वडिलांना आणि भेंडीबाजारवाल्या अमानअलीखाँना देतात. बायकांच्या तोंडचीं, ताल टाळीवर धरावयाचीं गाणीं लहानपणीं पाठ असणें हीहि एक तालीमच. आजीच्या तालमीला गंडा बांधीत नाहींत, म्हणून ती मोजली जात नाहीं.

आणि मग १९५० साल. ‘समाधि’ या हिंदी चित्रपटाचें संगीत सी. रामचंद्र यांचें. रामचंद्र नरहर चितळकर हे पुणतांब्याचे. विनायकबुवा पटवर्धनांचे शिष्य, आणि विनायकबुवा म्हणजे एकेकाळीं गंधर्व मंडळींत गाणारे नट. चित्रपटाचा विषय आझाद हिंद फौजेचा. त्यांत दोन बायकांचें एक खट्याळ युगलगीत आहे. त्याची चाल आली होती कोठून, तर कार्मेन मिरांडा हिनें १९४५ सालच्या ‘डॉल फेस’ या अमेरिकन चित्रपटांत म्हटलेल्या एका गाण्यावरून. मिरांडा जन्मानें पोर्तुगीज, वाढली ब्राझीलमध्यें, नांव केलें तें सांबा गाऊन. आणि सांबा हा ताल ब्राझीलमध्यें आफ्रिकेंतून नेलेल्या गुलामांच्या वंशजांनीं जिवंत ठेवलेला. गाण्यांत नांव पोर्तोरिकोचें, रचना अमेरिकन, आणि आतां शब्द हिंदी. मुंबईच्या चित्रपटसंगीतांत हे लॅटिन ताल वाजविण्यास माणसें तयारच होतीं. गोव्याच्या चर्चच्या शाळांतून मुलांना व्हायोलिन आणि पाश्चात्त्य स्वरलेखन शिकवीत. तेथले वादक मुंबईच्या हॉटेलांतून बँड वाजवीत आणि दिवसा स्टुडिओंत येत. हळदोण्याचा अँटोनिओ झेवियर व्हाझ, लोकांच्या तोंडीं ‘चिक चॉकोलेट’, हा त्यांतला नांवाजलेला तुतारीवाला. पुढच्याच वर्षीं ‘अलबेला’ चित्रपटांत तो आपल्या बँडसह पडद्यावरहि दिसला. पोर्तुगालनें एक गाणारी ब्राझीलला दिली आणि एक वाजविणारा मुंबईला.

पण खरी मौज त्या दोन गायिकांची आहे. एक लता मंगेशकर. दुसरी अमीरबाई कर्नाटकी. अमीरबाई ही गोहरबाईंची बहीण. गंधर्वांच्या घरीं जिच्या येण्यानें काहूर उठलें तिची बहीण, आणि गंधर्वांच्या प्रतिस्पर्ध्याची थाळनेरच्या लेकीपोटीं जन्मलेली मुलगी, या दोघी शेजारीं उभ्या राहून ब्राझीलच्या ठेक्यावर गायल्या. गाणें ज्यांच्या तोंडीं बसलें त्यांतल्या फारच थोड्यांना हा नात्यांचा गुंता ठाऊक असेल. गोहरबाई १९६४ सालीं वारल्या, अमीरबाई १९६५ सालीं. बालगंधर्व १५ जुलै १९६७ रोजीं. जळगांवांत बालगंधर्वांच्या नांवाचें खुलें नाट्यगृह झालें, आणि चांदोरकर प्रतिष्ठानानें त्यांच्या नांवें तेथें संगीत महोत्सव सुरू केला. मेहबूबखाँची बैठक ज्या गांवांत झाली त्याच गांवांत.

खानदेशांतून गाणें बाहेर गेलें त्याची एक गोष्ट राहिली. ज्या वर्षांत सांब्याचा ठेका आगगाडींतून आणि ध्वनिमुद्रिकांवरून सर्वत्र पोंचत होता, त्याच वर्षांत जळगांवांत एक निरक्षर शेतकरीण जात्यावर आणि शेतांत आपल्या ओव्या म्हणत होती, आणि मुलगा सोपानदेव व त्याचा मावसभाऊ त्या उतरवून ठेवीत होते. बहिणाबाई चौधरी यांचा जन्म असोद्याचा, १८८० चा. त्यांचा ताल जात्याच्या फेऱ्याचा, भाषा तेथल्या लेवा पाटलांच्या घरांतली. आचार्य अत्र्यांनीं ती वही वाचली, आणि १९५२ सालीं ‘बहिणाबाईचीं गाणीं’ हें पुस्तक निघालें. १९६१ सालच्या ‘मानिनी’ चित्रपटांत वसंत पवारांनीं त्यांतल्या कांहीं गाण्यांस चाली दिल्या, आणि असोद्याची ओवी वाद्यमेळाच्या साथीनें चित्रपटगृहांत ऐकूं येऊं लागली. बहिणाबाईंना ती ऐकावयास मिळाली नाहीं. पुस्तकहि त्यांच्या हातीं पडलें नाहीं. ३ डिसेंबर १९५१ रोजीं त्या जळगांवांत वारल्या होत्या.